पाहावयास शिकविणारा समीक्षक

एखादा मित्र चित्रपट पाहून आला म्हणजे आपण त्याला पहिला प्रश्न विचारतो तो हा : "कसा आहे रे?" तो म्हणतो, "फार छान आहे," किंवा म्हणतो, "अगदी टाकाऊ. पैसे फुकट गेले." तेवढ्यावर आपले समाधान होते. परंतु "छान आहे, म्हणजे नेमके काय छान आहे?" असे जर कोणी विचारले, तर भल्याभल्यांची पंचाईत होते. कवितेच्या बाबतीत तसे नसते. कविता शिकून झाली की तिचे रसग्रहण करावयास वर्गात सांगतात. कवीने हाच शब्द का योजला, या ओळीत कोणते चित्र डोळ्यांपुढे उभे राहते, अशा प्रश्नांची उत्तरे आपण शोधतो, आणि शोधता शोधता ती कविता आपल्याला अधिक आवडू लागते. चित्रपटाचेही असे रसग्रहण करता येते, ही गोष्ट मात्र पुष्कळांच्या ध्यानात येत नाही.

हे काम ज्यांनी आपल्या आयुष्याचे कार्य मानले, असे आंद्रे बाझाँ या नावाचे एक लेखक फ्रान्समध्ये होऊन गेले. त्यांनी स्वतः एकही चित्रपट काढला नाही. अभिनय केला नाही, की कोणाला कथा लिहून दिली नाही. त्यांनी चित्रपट पाहिले, त्यांविषयी लिहिले आणि लोकांना जमवून त्यांच्याशी चर्चा केली. आयुष्य त्यांना अवघे चाळीस वर्षांचे लाभले. त्यातील जेमतेम पंधरा वर्षे लेखनाची. पण तेवढ्या अवधीत त्यांच्या हातून सुमारे २,६०० लेख लिहून झाले. दैनिकात, साप्ताहिकात, मासिकात, जेथे जागा मिळेल तेथे ते लिहीत राहिले.

बाझाँ यांचा जन्म १८ एप्रिल १९१८ रोजी फ्रान्समधील आंजे या गावी झाला. तो लहान असतानाच त्याचे कुटुंब ला रोशेल या समुद्रकाठच्या शहरी राहावयास गेले आणि आंद्रेचे शाळेतील शिक्षण तेथे झाले. या मुलाला प्राण्यांचे विलक्षण वेड होते. एखादा प्राणी कसा चालतो, कसा दबा धरतो, हे तो तासन्‌तास न्याहाळीत बसे. हे वेड पुढे मोठेपणीही सुटले नाही. ब्राझील देशातून एक पोपट घरी आणताना काय काय खटपटी कराव्या लागल्या, यावर बाझाँ यांनी मोठा गमतीचा लेख लिहिला आहे. न्याहाळण्याची ही सवय त्यांना चित्रपटगृहातही उपयोगी पडली, असे म्हटल्यास चुकीचे होणार नाही.

आंद्रेच्या मनात एकच ध्येय होते : आपण शिक्षक व्हावे. बुद्धी उत्तम, वाचन दांडगे, आणि मेहनतीची तयारी. शिक्षकांच्या प्रशिक्षण विद्यालयातून पुढे पुढे जात १९३८ साली त्यांना पॅरिसजवळील सँ-क्लू येथील नामांकित संस्थेत प्रवेश मिळाला. जे पुढे शिक्षकांना शिकविणार, अशांची तयारी तेथे करून घेत असत. म्हणजे ध्येय आता हाताशी आले होते. परंतु एक अडचण होती. आंद्रे बोलताना अडखळत असत. शब्द ओठांशी येई आणि तेथेच अडून बसे. लेखी उत्तरांत जे सरळ उतरे, ते तोंडी सांगावयाची वेळ आली की निसटून जाई. तोंडी परीक्षेत व्हावयाचे तेच झाले. परीक्षकांसमोर त्यांची जीभ अडली, आणि ज्याला वर्गापुढे धड बोलता येत नाही त्याने शिक्षक कसे व्हावे, या विचाराने त्यांना ती वाट बंद करण्यात आली.

ज्या गोष्टीसाठी बालपणापासून तयारी केली, ती अशी एका दिवसात हातची जावी, याचे दुःख किती झाले असेल! त्यातून काळही मोठा कठीण होता. १९३९ साली दुसरे महायुद्ध सुरू झाले होते. बाझाँ यांनाही सैन्यात जावे लागले. जून १९४० मध्ये जर्मन फौजा पॅरिसमध्ये शिरल्या आणि पुढील चार वर्षे ते शहर परक्यांच्या ताब्यात राहिले. युद्धामुळे ज्यांचे शिक्षण अर्धवट राहिले होते, अशा विद्यार्थ्यांसाठी पॅरिसमध्ये एक संस्था निघाली होती. बाझाँ तेथे काम करू लागले आणि तेथेच त्यांनी एक चित्रपट मंडळ काढले.

चित्रपट मंडळ म्हणजे काय, हे येथे सांगितले पाहिजे. चित्रपटगृहात आपण तिकीट काढून जातो, चित्रपट पाहतो आणि घरी येतो. चित्रपट मंडळात सभासद एकत्र जमतात. कोणीतरी उभे राहून त्या दिवशीच्या चित्रपटाची थोडी ओळख करून देतो. मग दिवे मालवून चित्रपट दाखवितात. खरी मौज त्यानंतर असते. दिवे लागल्यावर कोणी उठून जात नाही. जे पाहिले त्याविषयी सगळे बोलतात, वाद घालतात, प्रश्न विचारतात. आज आपल्याकडेही कित्येक शहरांत अशी मंडळे आहेत. बाझाँ यांच्या मंडळात मात्र ही मौज धोक्याची होती. जर्मन सत्तेने अनेक चित्रपटांवर बंदी घातली होती. तरीही मिळेल त्या जुन्या प्रती आणून, त्यांत बंदी असलेले चित्रपटही, बाझाँ मित्रांना दाखवीत असत.

या मंडळात चित्रपटाची ओळख करून द्यावयास उभे कोण राही? ज्यांना बोलता येत नाही म्हणून शिक्षकाची जागा नाकारली गेली होती, तेच आंद्रे बाझाँ. अडखळणे काही थांबले नव्हते. पण समोर परीक्षक नव्हते, ऐकण्यास उत्सुक माणसे होती. शब्द अडला की ती थांबत, कारण पुढचा शब्द थांबण्याच्या लायकीचा असणार हे त्यांना ठाऊक झाले होते.

युद्ध संपल्यावर या कामाचा पसारा वाढला. 'श्रम आणि संस्कृती' असे जिचे नाव मराठीत सांगता येईल, अशा एका संस्थेत बाझाँ काम करू लागले. कष्टकऱ्यांपर्यंत नाटक, संगीत, चित्रपट या कला पोहोचवाव्यात हा तिचा हेतू होता. बाझाँ कारखान्यांत जात, दिवसभर यंत्रावर राबलेल्या कामगारांना उत्तम चित्रपट दाखवीत आणि त्यांच्याशी त्याविषयी बोलत. फ्रान्सबाहेर जर्मनीत आणि उत्तर आफ्रिकेतही ते या कामासाठी फिरले. रात्री घरी येऊन वृत्तपत्रासाठी परीक्षण लिहावयाचे, हा रोजचा परिपाठ.

आता ते लोकांना सांगत तरी काय, हे पाहू.

बाझाँ यांचे सगळे विचार एका साध्या गोष्टीपासून सुरू होतात. ती गोष्ट म्हणजे छायाचित्र. समजा, तुमच्या घरी आजोबांचे दोन चेहरे भिंतीवर आहेत. एक चित्रकाराने रंगांनी काढलेला आणि दुसरे जुने, पिवळे पडलेले छायाचित्र. चित्रकाराचे चित्र कदाचित अधिक सुंदर असेल. तरीही आजोबांची आठवण आली की हात त्या फिकट छायाचित्राकडे जातो. असे का व्हावे? बाझाँ म्हणतात, चित्र हे चित्रकाराच्या हातातून उतरलेले असते. छायाचित्रात मात्र समोर बसलेल्या माणसावरून परतलेल्या प्रकाशानेच आपली खूण उमटविलेली असते. ओल्या वाळूत पाऊल उमटावे तशी ती असते. पाऊल दिसले की येथून कोणीतरी खरोखर गेले, अशी आपली खात्री पटते. प्राचीन इजिप्तमधील लोक मृत राजांची शरीरे मसाले भरून जतन करून ठेवीत. काळाने सर्व काही नेऊ नये, या माणसाच्या जुन्याच इच्छेतून छायाचित्राची कला आली, असे बाझाँ यांनी १९४५ सालच्या एका प्रसिद्ध निबंधात मांडले. आणि चित्रपट? चित्रपटाने तर माणसाचा चेहराच नव्हे, तर त्याचे चालणे, थांबणे, हसता हसता गंभीर होणे, म्हणजे सरणारा काळसुद्धा जतन केला.

यातून एक मोठा प्रश्न निघतो. कॅमेऱ्याने जे जतन केले, त्याचे तुकडे किती करावेत? चित्रपट हा लहान लहान तुकडे जोडून तयार होतो, हे तुम्हांला माहीत असेल. कॅमेरा एकदा सुरू करून थांबेपर्यंत जे चित्रण होते त्याला शॉट म्हणतात, आणि शॉट एकापुढे एक जोडण्याच्या कामाला संकलन म्हणतात. संकलनात मोठी जादू असते. एका शॉटमध्ये वाघ डरकाळी फोडतो, दुसऱ्यात एक मुलगा दचकतो. प्रत्यक्षात वाघ एका देशात आणि मुलगा दुसऱ्या देशात असेल. तरीही आपल्याला वाटते की, वाघ मुलासमोरच उभा आहे. ही जादू बाझाँ नाकारीत नसत. परंतु काही प्रसंगी ती वापरू नये, असे ते आग्रहाने सांगत, आणि त्यासाठी उदाहरण देत ते एका इंग्रजी चित्रपटाचे.

'व्हेअर नो व्हल्चर्स फ्लाय' हे त्याचे नाव. तो १९५१ साली पडद्यावर आला. आफ्रिकेतील रानात प्राण्यांसाठी अभयारण्य उभारणाऱ्या एका कुटुंबाची ही कथा आहे. या कुटुंबातील लहान मुलगा एक दिवस कोणाला न सांगता तळापासून दूर जातो. झुडपात त्याला सिंहिणीचा एक छावा दिसतो. धोक्याची कल्पना नसलेला तो मुलगा छाव्याला उचलून घेतो आणि घराकडे निघतो. इतक्यात सिंहीण परत येते आणि काही अंतर राखून मुलाच्या मागे मागे चालू लागते. येथवर दिग्दर्शकाने नेहमीचीच रीत वापरली आहे. एकदा मुलगा, एकदा सिंहीण, पुन्हा मुलगा, असे वेगवेगळे शॉट आपण पाहत राहतो. आपण घाबरतो खरे, पण मनात कोठेतरी जाणून असतो की, ही सगळी जोडाजोड आहे. आणि मग अकस्मात, आईवडिलांना मुलगा दिसतो त्या क्षणी, दिग्दर्शक जोडाजोड सोडून देतो. एकाच शॉटमध्ये आईवडील, मुलगा आणि त्याच्यामागे ती सिंहीण, अशी सगळी दिसतात. त्या एका शॉटने आपला श्वास रोखला जातो. वडील मुलाला जागच्या जागी थांबावयास सांगतात. मग छावा हळूच खाली ठेवून, न पळता पुढे यावयास सांगतात. सिंहीण शांतपणे येते, आपले पिल्लू उचलते आणि रानात निघून जाते.

सिंहीण थोडीफार माणसाळलेली असणार, हे बाझाँ यांनाही ठाऊक होते. त्यांचे म्हणणे एवढेच की, ज्या प्रसंगाचा सारा प्राण दोघे एकत्र असण्यात आहे, तेथे ते दोघे एका चौकटीत दिसलेच पाहिजेत. तसे केले नाही तर गोष्ट कळेल, पण खरी वाटणार नाही. येथे आणखी एक बारकावा ध्यानात घ्यावा. हा चित्रपट एकंदरीत सामान्य आहे, असे बाझाँ यांचे मत होते. सामान्य म्हणून त्यांनी तो बाजूला टाकला नाही. त्यातील एक प्रसंग अविस्मरणीय आहे हे ओळखून, तो तसा का आहे, याचा त्यांनी शोध घेतला.

दुसरे उदाहरण याहून शांत आहे. अमेरिकन दिग्दर्शक विल्यम वायलर यांचा 'द बेस्ट इयर्स ऑफ अवर लाइव्हज' हा चित्रपट १९४६ साली आला. युद्धावरून घरी परतलेल्या तीन सैनिकांची ती कथा आहे. त्यांपैकी एकाचे दोन्ही हात तुटलेले असून तो लोखंडी आकड्यांनी कामे करावयास शिकला आहे. ही भूमिका ज्याने केली त्या माणसाचे हात सैन्यातील अपघातात खरोखरच गेले होते. एका प्रसंगी तो तरुण आकड्यांनी पियानो वाजवून दाखवीत आहे. दुसरा सैनिक शेजारी उभा राहून कौतुकाने पाहत आहे. खोलीच्या अगदी पलीकडच्या टोकाला, इवलासा दिसणारा तिसरा सैनिक दूरध्वनीच्या खोपटात उभा आहे. त्याचे बोलणे आपल्याला ऐकू येत नाही. परंतु कथेच्या दृष्टीने महत्त्वाची घटना तेथेच घडत आहे. पियानोशेजारी उभ्या असलेल्या मित्राच्या मुलीशी असलेले आपले नाते तो दूरध्वनीवर तोडून टाकीत आहे. दुसऱ्या एखाद्या दिग्दर्शकाने कॅमेरा नेऊन त्याच्या तोंडासमोर उभा केला असता. वायलर यांनी तसे केले नाही. जवळचे आणि दूरचे, दोन्ही स्पष्ट दिसेल असा शॉट घेऊन ते थांबले. कोठे पाहावयाचे ते आता आपण ठरवावयाचे. बाझाँ यांना ही रीत आवडे, कारण तीत प्रेक्षकाला मान दिलेला असतो. बोट धरून न नेताही तो पाहू शकेल, असा विश्वास त्यात आहे. चांगला शिक्षकही उत्तर आधी सांगून टाकीत नाही.

युद्धानंतर इटलीमध्ये काही दिग्दर्शक मोठ्या नटांना वगळून, रस्त्यांवर जाऊन, साध्या माणसांना घेऊन चित्रपट काढू लागले होते. व्हित्तोरिओ द सिका यांचा १९४८ सालचा 'बायसिकल थीव्ह्ज' हा त्यांतील अग्रगण्य चित्रपट. एका बेकार माणसाला भिंतीवर जाहिराती चिकटविण्याचे काम मिळते. त्यासाठी सायकल हवी. आणि पहिल्याच दिवशी ती चोरीला जाते. तो आणि त्याचा लहान मुलगा ब्रूनो दिवसभर रोमच्या रस्त्यांवर ती शोधीत हिंडतात. बस्स, एवढीच कथा. बाझाँ यांनी १९४९ साली या चित्रपटावर जो लेख लिहिला, तो वाचताना त्यांची नजर किती बारीक होती ते कळते. ते आपले लक्ष चालण्याकडे वेधतात. बाप लांब ढांगा टाकीत चालतो आणि मुलगा त्याच्याशेजारी दुडदुडत असतो. कधी मागे राहतो, कधी पुढे, कधी हात धरून. बापलेकांत त्या क्षणी काय चालले आहे, हे त्यांच्या चालण्यातूनच समजते. हे योगायोगाने घडलेले नव्हे. द सिका यांनी मुलाची निवड करताना चेहऱ्याकडे नव्हे, तर चालीकडे पाहिले होते, असे बाझाँ सांगतात. शेवटी निराश झालेला बाप स्वतःच एक सायकल चोरू पाहतो, पकडला जातो, आणि मुलगा ते पाहतो. मग मुलगा बापाच्या हातात हात घालतो. त्या हाताचा अर्थ क्षमा नव्हे, की लहान मुलाने केलेले सांत्वनही नव्हे, असे बाझाँ यांचे म्हणणे. बाप आजवर मुलासाठी देवासारखा होता. आता तो साधा माणूस झाला आहे, आणि मुलगा एका दिवसात मोठा होऊन त्याच्या बरोबरीने चालत आहे.

हाच चित्रपट १९५० साली लंडनमध्ये एका भारतीय तरुणाने पाहिला. त्याचे नाव सत्यजित राय. तो कलकत्त्याच्या एका जाहिरात कंपनीत चित्रकार होता. १९४७ साली त्याने मित्रांसह कलकत्त्यात एक चित्रपट मंडळ काढले होते. फ्रान्सचे थोर दिग्दर्शक झाँ रन्वार 'द रिव्हर' हा चित्रपट काढण्यासाठी बंगालमध्ये आले, तेव्हा जागा शोधण्यास त्याने त्यांना मदत केली होती. हा 'द रिव्हर' बाझाँ यांना अतिशय आवडला होता, हे येथे सांगावयास हरकत नाही. 'बायसिकल थीव्ह्ज' पाहिल्यावर आपणही खऱ्या गावात, अप्रसिद्ध माणसांना घेऊन चित्रपट काढू शकू, असे राय यांना वाटू लागले. विभूतिभूषण बंद्योपाध्याय यांच्या कादंबरीवरून त्यांनी काढलेला 'पथेर पांचाली' १९५५ साली पूर्ण झाला. पुढील वर्षी तो फ्रान्समधील कान शहरी भरणाऱ्या चित्रपट महोत्सवात गेला.

तेथे त्याचे स्वागत थंडपणे झाले. नवख्या माणसाचा, दूरच्या देशातील, गरीब खेडुतांवरचा चित्रपट पाहावयास फारसे समीक्षक गेलेच नाहीत. ज्या थोड्यांनी तो पाहिला त्यांना मात्र राहवेना. हा चित्रपट असा दुर्लक्षित राहता कामा नये, तो पुन्हा दाखविला पाहिजे, असा त्यांनी आग्रह धरला. या समीक्षकांत बाझाँ होते. चित्रपट पुन्हा दाखविण्यात आला आणि 'सर्वोत्कृष्ट मानवी दस्तऐवज' म्हणून त्याचा गौरव झाला. अपू आणि दुर्गा ही भावंडे जगाला ठाऊक झाली, त्यात त्या हट्टाचा वाटा आहे.

एप्रिल १९५१ मध्ये बाझाँ यांनी जाक दोनिओल-व्हालक्रोझ आणि लो दुका या सहकाऱ्यांसह एक मासिक काढले. त्याचे नाव 'काये द्यु सिनेमा', म्हणजे 'चित्रपटाच्या वह्या'. पिवळ्या मुखपृष्ठाचे हे मासिक लवकरच प्रसिद्ध झाले, कारण त्यात लिहिणारे तरुण मोठे तिखट होते. त्रुफो, गोदार, रोमेर, रिव्हेत, शाब्रोल अशी त्यांची नावे. हे सगळे पुढे स्वतः नामवंत दिग्दर्शक झाले. त्या वेळी ते विशी-तिशीतील होते आणि त्यांची मते टोकाची असत. आवडत्या दिग्दर्शकाचा पडेल चित्रपटही चांगला आणि नावडत्याचा यशस्वी चित्रपटही वाईट, असा त्यांचा खाक्या होता. बाझाँ यांना हे पटत नसे. संपादक या नात्याने ते लेख अडवू शकले असते. त्यांनी ते छापले, आणि १९५७ साली त्याच मासिकात स्वतः लेख लिहून, दिग्दर्शकाच्या नावावरून चित्रपटाची किंमत ठरवू नये, असे आपल्याच तरुण मित्रांना खडसावले. तरुण रागावले नाहीत. बाझाँ यांच्याशी मतभेद होत; भांडण कोणाचे होत नसे.

या तरुणांपैकी फ्रान्स्वा त्रुफो याची हकीकत निराळी सांगितली पाहिजे. तो १९३२ साली जन्मला. घरी त्याच्याकडे कोणाचे फारसे लक्ष नव्हते आणि शाळेत त्याचे मन रमत नसे. चौदाव्या वर्षीच त्याने शाळा सोडली. चित्रपटगृह हेच त्याचे खरे घर झाले होते. सोळा वर्षांचा असताना, १९४८ साली, त्याने एक चित्रपट मंडळ काढले. त्याचे खेळ रविवारी सकाळी असत, आणि दुर्दैवाने शेजारच्याच दुसऱ्या एका मंडळाचे खेळही त्याच वेळी असत. त्यामुळे याच्याकडे कोणी येईना. तेव्हा हा मुलगा त्या मंडळाच्या चालकाकडे गेला आणि तुमची वेळ बदला, असे त्याने सांगितले. हे चालक म्हणजे बाझाँ. एखाद्याने या उद्धट पोराला दार दाखविले असते. बाझाँ यांनी त्याला बसवून घेतले आणि दोघांच्या गप्पा रंगल्या.

त्रुफोचे मंडळ कर्जात बुडाले. कर्ज फेडण्यासाठी त्याने भलते उद्योग केले, तेव्हा वडिलांनीच त्याला पोलिसांच्या हवाली केले आणि त्याची रवानगी अल्पवयीन अपराध्यांच्या केंद्रात झाली. तेथून त्याला सोडवावयास बाझाँ धावले. मुलाची हमी घेतली, आपल्या संस्थेत त्याला काम दिले. पुढे त्रुफो सैन्यात भरती झाला, तेथून पळाला आणि लष्करी तुरुंगात पडला. पुन्हा बाझाँच खटपटीला लागले. १९५२ साली त्याची सुटका झाली. या वेळी बाझाँ आणि त्यांच्या पत्नी जानीन यांनी त्याला आपल्या घरीच ठेवून घेतले. पोटमाळ्याएवढ्या जागेत का होईना, त्याला प्रथमच असे घर मिळाले की जेथे त्याची कोणी वाट पाहत असे. बाझाँ त्याच्या पाठीस लागत : नुसता बडबडू नकोस, लिही. तो लिहू लागला. बाझाँ ते लेख तपासत आणि परत लिहावयास लावीत. ज्यांना वर्ग मिळाला नव्हता, त्यांच्या वर्गात हा एक विद्यार्थी असा बसला होता.

बाझाँ यांची प्रकृती कधीच चांगली नव्हती. १९५० साली क्षयाने त्यांना गाठले आणि बरेच महिने रुग्णालयात काढावे लागले. त्यातून उठले तो १९५४ साली रक्ताच्या कर्करोगाचे निदान झाले. हिंडणे-फिरणे कमी झाले, तेव्हा ते घरी बसून दूरचित्रवाणीवरील कार्यक्रम पाहू लागले आणि त्यांवर लिहू लागले. हे नवे साधन तेव्हा नुकतेच घरोघर येऊ लागले होते. आपल्या निवडक लेखांचे संग्रह त्यांनी याच काळात सिद्ध केले. त्यांचे नाव त्यांनी ठेवले 'चित्रपट म्हणजे काय?' हजारो चित्रपट पाहिलेल्या माणसाने आपल्या ग्रंथाला प्रश्नाचेच नाव द्यावे, हे मोठे अर्थपूर्ण आहे. एकंदर चार भाग निघाले, त्यांतील बहुतेक त्यांच्या पश्चात. रन्वार यांच्यावरचे पुस्तक अपुरे राहिले. ते पुढे त्रुफोने पूर्ण करून प्रसिद्ध केले.

त्रुफो आता स्वतःचा पहिला मोठा चित्रपट काढावयास निघाला होता. कथा त्याच्याच बालपणावर बेतलेली होती. घरी नकोसा झालेला, शाळेत सतत शिक्षा भोगणारा, शेवटी सुधारगृहात टाकला जाणारा एक मुलगा, आंत्वान दुआनेल. १० नोव्हेंबर १९५८ रोजी पॅरिसमध्ये चित्रणास आरंभ झाला. पहिल्या दिवसाचे काम आटोपताच त्रुफो पॅरिसबाहेर बाझाँ यांच्या घरी धावला. त्याच रात्री, ११ तारीख उजाडण्याच्या सुमारास, आंद्रे बाझाँ यांनी डोळे मिटले.

'द फोर हंड्रेड ब्लोज' या नावाने जगभर ओळखला जाणारा तो चित्रपट १९५९ साली कान महोत्सवात दाखविला गेला आणि त्रुफो यांना सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचे पारितोषिक मिळाले. चित्रपटाच्या शेवटी तो मुलगा सुधारगृहातून पळतो. तो धावत राहतो आणि कॅमेराही त्याच्याबरोबर न तुटता धावत राहतो, बराच वेळ, समुद्र येईपर्यंत. मग मुलगा वळतो आणि आपल्याकडे पाहतो. आरंभी पडद्यावर पॅरिसचे रस्ते सरकत असतात, त्यावर नावे येत जातात, आणि त्यानंतर एक ओळ उमटते : हा चित्रपट आंद्रे बाझाँ यांच्या स्मृतीस अर्पण.